हाकच पोचत नाही, तर हात काय करील?

चिंचणीकरांनो, एरवी या फळ्यावर भजनाच्या वेळा असतात. आज माझा संताप वाचा.

सकाळी होडी किनाऱ्यावर ओढताना माझ्या धाकट्या भावाच्या हातून दोर सुटला. आमचे सख्खे काकाच ओरडले, "नुसता धरून उभा हाय, जोर लावत नाय!" तुम्ही सगळे हसलात.

गेल्या पावसाळ्यात भावाला पत्र्याने कोपराशी कापलं, तेव्हा त्याच्या हाताचा मज्जातंतू तुटला. तरी तुमचं एकच, तेल चोळ! डॉक्टर म्हणाले, ओझं जितकं जड, तितके जास्त स्नायूतले धागे कामाला लावायचा निरोप मज्जातंतू पोचवतात. तुम्ही रिकाम्या होडीला चौघांना हाक मारता, भरलेल्या होडीला अख्ख्या आळीला, तसंच. भावाच्या हातात ती हाकच पोचत नाही.

उद्या कुणीही हाक देऊ नका. बघू, किती होड्या वर येतात!