भिंतीला टेकून बसणारी

एवढी बिनकामाची आणि एवढी कष्टाळू पोरगी मी उभ्या जन्मात पाहिली नाही. पुण्याकडून आमच्या आंजी गावात आली, चौकात खोली घेतली आणि म्हणाली, मी नाटक करते. स्टेज नाही, पडदा नाही, पेटी-तबला नाही. सकाळी कोणाच्याही घरी जायचं आणि सांजेपर्यंत मुक्यानं भिंतीला टेकून घरातल्यांना पाहत बसायचं, हे हिचं नाटक! आता आमच्याकडे असं मुक्यानं भिंतीशी कोण बसतं? ज्याच्या घरचं माणूस गेलं, त्याच्याकडे लोक बसायला येतात. पहिल्याच घरी बाई कणकेच्या हातानं अंगावर धावली, "आमच्या घरी कोन मेलं वं? ऊठ पयले!"

तेव्हापासून पोरगी जी विचारायला शिकली, ती थांबेचना. शेजारच्या म्हशीकडे पाहायचं तरी मालकिणीची परवानगी. मालकीण म्हणाली, "पाय ना माय, थे काई लाजत नाई!" दुसऱ्याला फुकट पाहणं वाईट, म्हणून स्वतःची खोली उघडी, कोणीही यावं, हिला पाहावं. आमच्या बाया सोडतात काय? गेल्या, भाजी चाखली, तिखट टाकलं, भांडी पुन्हा घासून आल्या.

माझ्याकडे आली तेव्हा आमची बुढी, माझी बायको, जाऊन वर्ष होत आलं होतं. तेरवी झाली तसे बसायला येणारे बंद झाले होते. ही नाटकासाठी बसते, हे मला ठाऊक होतं. तरी चटई टाकली. आणि मीच बोलत सुटलो. बुढी रागावली की पाट्यावर मिरच्या वाटायची. वाटण होईस्तोवर मी अंगणात. पुढं तिला वरवंटा उचलेना, रागावणंही थांबलं, तेव्हाच मी समजलो. पोरगी ऐकता ऐकता रडली. मग डोळे पुसून म्हणाली, "काका, नाटकाच्या दिवशी नागपूरचे लोक येतील. त्यांना इथं बसवू?"

"नाई. आमच्या बुढीले पाहाले लोकं नको आनू."

"बरं," म्हणाली. पुन्हा विचारलं नाही.

नाटकाच्या दिवशी शहरातले लोक घरोघरी बसले. शेजारी तर एवढी गर्दी, की म्हशीपाशीसुद्धा दोघं बसलेले. मी धुतलेलं धोतर नेसून दारात उभा. कशाला, ते विचारू नका. रांग माझ्या घरावरून गेली. एकानं आत डोकावलं, तर ही त्याच्यावर खेकसली, "इथं नाही बघायचं!" स्वतःही मान वळवली नाही. शब्दाची एवढी पक्की, की रागवायला जागा नाही.

जाताना पिशवी घेऊन दारात आली. "काका, बरोबर केलं ना?"

"बरोबरच केलं," म्हटलं. मग म्हटलं, "पोरी, येजो पुन्हा. पाहाले नाई, बसाले."

"येईन की."

पोरगी खोटं बोलणारी नाही. कधी येशील, तेवढं मात्र विचारायचं राहून गेलं.