रसवंतीची गोष्ट कोणी फोडली?

परदेशातल्या आमच्या ल्यूकन गावच्या वसाहतीत एक पंजाबी कवी राहतात आणि ते चोर आहेत, असा माझा बरेच दिवस पक्का संशय होता.

सगळे त्यांना पाजी, म्हणजे पंजाबीत थोरले भाऊ, म्हणतात; दिवसा ते शेजारच्या लिक्सलिपमधल्या कॉम्प्युटर चिपच्या कारखान्यात यंत्रं दुरुस्त करतात. मीही तिथेच कामाला. रोज सकाळी ते मला न्यायला येतात, मी घरभर माझा कारखान्याचा पास शोधतो, तोवर ते आमच्या स्वयंपाकघरात चहा पितात आणि मग आम्ही निघतो. गाणी ते गाडी चालवताना रचतात. कागद नाही, पेन नाही. बोटं स्टिअरिंगवर ठेका धरतात, ओठ हलतात आणि गाडी पार्क झाली की अख्खं कडवं फोनमध्ये म्हणून जालंधरच्या गायकाकडे रवाना! लग्नांत लोक त्यांच्या शब्दांवर नाचतात, पण नाव गायकाचं होतं. म्हणून पंजाबी गीतकारांच्या रिवाजाप्रमाणे पाजी शेवटच्या कडव्यात स्वतःचं आणि आपल्या गावाचं नाव गुंफतात.

मी पडलो बोलका. गाडीत पट्टा बांधून बसलेला श्रोता मिळाला, आणखी काय हवं? माझी गोष्ट रंगात आली की पाजींची बोटं स्टिअरिंगवर नाचायला लागायची. मी ती दाद समजायचो. मग एकदा त्यांच्या नव्या गाण्यात लोणच्याची बरणी कवटाळून विमानतळावर भांडणारी सासू आली. सासू कसली? ती माझी आई होती!

"पाजी, ही बरणी ओळखीची वाटतेय."

"बरणी तुमची," ते निर्लज्जपणे हसले. "सासू माझी."

बरणी गेली तर गेली. पण माझी रसवंतीची गोष्ट? इथल्या मराठी मंडळींच्या गणपतीत जेवणं झाली की दरवर्षी तिची फर्माईश होते. कांदेपोह्यांचा कार्यक्रम झाल्यावर मुलीने मला पुण्यातल्या एका रसवंतीगृहात भेटायला बोलावलं. ती काही येईना. मी ग्लासवर ग्लास रिचवत, चरकाच्या घुंगरांवर टेबल वाजवत बसलो. शेवटी ती धापा टाकत आली. "सॉरी, स्कूटर पंक्चर झाली." मी म्हणालो, "हरकत नाही, मी अर्धं शेत पिऊन संपवलंय." इथे हशाने मंडप कोसळतो. हीच गोष्ट उद्या लाउडस्पीकरवर वाजायला लागली तर माझ्याकडे उरलं काय?

मग मी सापळा लावला. पाजींना ही गोष्ट मुद्दाम सांगितली आणि बायकोच्या डोक्यावर एक गुलाबी हेल्मेट चढवलं, जे कधीच नव्हतं. गाण्यात गुलाबी हेल्मेट दिसलं की चोर मुद्देमालासकट हातात!

बोटं नाचलीच. काही आठवड्यांनी पाजींनी गाडीत नवं गाणं लावलं. रोजच्या सहवासाने मला पंजाबी बऱ्यापैकी कळते. ऊस, चरक, घुंगरू, वाट बघणारा बावळट मुलगा. मी कान टवकारले. हेल्मेट येईना. त्याऐवजी समोरच्या माडीवर, शिवणाच्या क्लासच्या खिडकीआड एक मुलगी उभी होती. मुलगा चिडतो का, रसवाल्यावर डाफरतो का, हे ती पारखत होती. तो टेबल वाजवायला लागला तेव्हा ती हसली, जिना उतरली आणि म्हणाली, सायकल पंक्चर झाली. चाकात तर हवा गच्च होती!

शेवटच्या कडव्यात पाजींचं नाव आलं, त्यांचं गाव आलं आणि मग ओळ आली, "लिहिणारा मी, पण गोष्ट ल्यूकनच्या भाभींची."

"हेल्मेट कुठे गेलं?" मी विचारलं.

"ते तुम्ही घुसडलंत ना? भाभी म्हणाल्या, साधं काळं होतं."

"भाभी कधी म्हणाल्या?"

"तुम्ही पास शोधता तेव्हा."

संध्याकाळी घरी आलो तो थेट स्वयंपाकघरात. बायको पोळ्या लाटत होती.

"पंक्चर नव्हतं?"

तिने पोळी तव्यावर टाकली. "कळलं वाटतं."

"अगं, इतकी वर्षं मी चारचौघांत ते पंक्चर सांगतोय!"

"मग? छानच सांगतोस. पण मला कधी काही विचारलंस? पाजींनी विचारलं."

"आणखी काय काय नव्हतं?"

ती नुसती हसली. इतक्या वर्षांच्या संसारात इतकं संशयास्पद हसू मी पाहिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मी पास गळ्यात अडकवून दारातच उभा राहिलो. पाजी आले. "चला, निघू या!" मी गर्जना केली.

"चहा?" पाजी केविलवाणे झाले.

"अरे, टाकलाय मी," बायको आतून म्हणाली. "आणि तुझा डबा कुठाय? कालचा वर लॅपटॉपच्या बॅगेतच असेल. आण बघू."

मी एकेका उडीत दोन दोन पायऱ्या चढलो आणि डबा घेऊन तसाच खाली आलो. स्वयंपाकघर एकदम गप्प झालं. बायको गाळणी धूत होती. पाजी खिडकीबाहेर बघत होते आणि त्यांची बोटं आमच्या टेबलावर ठेका धरत होती.