आधी कंबर, मग केक

मर्व डगनची कंबर कामातून गेली तेव्हा दवाखान्यात त्याला आठ आठवडे व्यायाम शिकवले. शिकवले मर्वला, शिकली मात्र त्याची बायको नोलीन. तो छताकडे बघत पडून राही आणि ही कोपऱ्यातल्या खुर्चीत बसून सगळं डोक्यात साठवी. बावीस वर्षं मेंढ्यांची लोकर कातरलेला माणूस, दिवसाला दोनशेच्या वर. गुडघ्यांत मेंढी दाबून दिवसभर वाकायचं, तर कंबर जाणार नाही तर काय होईल? पण मर्वच्या मते पाठदुखी ही धंद्यातली पदवीच होती, आणि पदवीवर कोणी औषध घेत नाही.

नोलीन कातरणाऱ्यांच्या टोळीची स्वयंपाकीण. यंदा मेंढवाड्यावर तिने नवाच कायदा काढला. साडेसातच्या घंटेआधी दहा मिनिटं सगळ्यांनी कातरणीच्या फळ्यांवर यायचं, खोल उकिडवं बसायचं, खुबे गोल फिरवायचे, मग हातापायांवर ओणवं होऊन मांजरासारखी पाठ फुगवायची आणि सोडायची.

"घंटेआधीचा वेळ आमचा असतो, नोलीन," डस्टी म्हणाला. टोळीत सगळ्यात लांब जीभ त्याची. "आणि स्वयंपाकीण टोळीच निवडते, हे विसरू नकोस. घेऊ का मतं?"

"घे की. निवडून आलास तर उद्यापासून मटणाचे चाळीस चॉप तूच भाज. आणि ऐका, आधी कंबर, मग केक. ज्याची पाठ फुगणार नाही त्याला साडेनऊच्या सुट्टीत नुसता काळा चहा."

चॉकलेट-खोबऱ्यात घोळवलेला तिचा लॅमिंग्टन केक सगळ्यांना ठाऊक होता. डस्टीसकट चौघं कुरकुरत ओणवे झाले. खांबाला टेकून हसत उभी राहिली ती एकटी टेगन, नोलीनचीच लेक, तीही कातरणारी. मार्चच्या जत्रेतल्या कातरणीच्या शर्यतीसाठी पोरगी जिवाचं रान करत होती, रोजच्या कामावर आणखी वीस मेंढ्या सरावाच्या.

"बाबांनी कधी पाठ फुगवली नाही," ती म्हणाली, "आणि त्यांचा दिवसाच्या मेंढ्यांचा आकडा अजून कोणी मोडलेला नाही."

पण त्याच सकाळी नोलीनने पाहिलं होतं, की टेगन बुटाची नाडी बांधायला वाकली नाही. लोकरीच्या गठ्ठ्यावर बसली आणि दोन्ही हातांनी डावा पाय उचलून मांडीवर घेतला. मर्वचंही अस्संच सुरू झालं होतं. आधी नाडी गेली, मग मोजे गेले, मग कामच गेलं.

"पायाला मुंग्या येतात का गं?" तिने हळूच विचारलं.

"आई, सगळ्यांसमोर नको," टेगन म्हणाली आणि तोंड फिरवून चालती झाली.

दुसऱ्या दिवशी पहाटे नोलीन नेहमीप्रमाणे नवऱ्याच्या पायात मोजे चढवत होती. "टेगन तुझं ऐकेल," ती म्हणाली.

"मी काय सांगणार? मी कुठे केलं होतं काही?"

"मग तेच सांग."

मर्व तसा माणूस मानी. गेल्या महिन्यात न्हाणीघरात पडला तेव्हा नोलीननेच त्याला उठवलं होतं, आणि ही गोष्ट चार भिंतींबाहेर जाऊ द्यायची नाही असं वचन त्याने तिच्याकडून घेतलं होतं. नोलीनने ते पाळलंही होतं.

ती निघाली तेव्हा तो आधीच गाडीत बसलेला होता.

मेंढवाड्यात मर्व शिरला तसे सगळे सरळ उभे राहिले. "काय काका, आकडा शाबूत आहे का बघायला आलात?" डस्टी म्हणाला. मर्वने टोपी खुंटीला अडकवली, खांबाला धरून इंचाइंचाने खाली गेला आणि फळ्यांवर ओणवा झाला.

"टेगन, ये. बापाबरोबर कर."

ती लाजत शेजारी ओणवी झाली. तिची पाठ थोडी का होईना, वर गेली, खाली आली. मर्वची फळकुटासारखी जिथल्या तिथे. दहा मिनिटं झाली, बाकीचे उठले, हात झटकले. मर्व तसाच राहिला. नोलीन पुढे झाली, तशी त्याने मान हलवली.

"तू नको. टेगन, आज तू उठव मला. रोज तुझी आई उठवते."

टेगनने त्याच्या काखेत हात घातले, दुसऱ्या बाजूने डस्टीने न सांगता घातले, आणि बावीस वर्षांचा तो आकडा दोघांनी मिळून उभा केला. मर्वला धाप लागली होती.

"हा माझा खरा आकडा," तो म्हणाला. "हा मोडू नकोस, पोरी."

घंटा वाजली. घंटेला उशीर म्हणजे या धंद्यात पाप, पण टेगन पुन्हा ओणवी झाली आणि सावकाश पाठ फुगवू लागली. "सोमवारी दवाखान्यात येशील माझ्याबरोबर?" तिने खालूनच आईला विचारलं.

"येते की," नोलीन म्हणाली आणि लगबगीने स्वयंपाकघरात गेली. तिथे ती पदरभर रडली असती, पण अंगावर होता तो नुसता एप्रन, तेवढ्यात भागवलं. मग केक कापला. कायद्याने पाहिलं तर मर्वची पाठ तसूभरही फुगली नव्हती. सगळ्यात मोठा तुकडा तिने त्याच्याच ताटलीत ठेवला.