मालकी कागदावर, ताबा पायाखाली

कोर्टाच्या फाटकाशी, पत्र्याच्या शेडखाली ताईचं टेबल होतं. टेबलावर जुना टाइपरायटर, आणि त्याचा 'र' हट्टी. ओळीत बसायचाच नाही, जरा वर उडी मारून उभा. चोवीस वर्षं ताई लोकांचे जमिनीचे दावे टाइप करत होती आणि पक्षकारांना फुकटात झापत होती.

"मालकी कागदावर असते हो काका, ताबा पायाखाली असतो! वर्षातून एकदा तरी बांधावर उभे राहा. बारा वर्षं तुम्हाला न विचारता दुसऱ्याचा नांगर चालला ना, तर जमीन त्याची; मग बसा बोंबलत."

ती स्वतः वडिलांनी दिलेल्या दोन एकरांत तेरा वर्षं फिरकली नव्हती. तिथे धाकटा भाऊ कसत होता. सख्ख्या भावावर कसला पहारा?

त्या सकाळी बेलीफ हसतच आला. "ताई, आज टपाल तुमचंच!"

समन्स होतं. सोबत दाव्याची प्रत. वादी, धाकटा भाऊ; मागणी, तिचे दोन एकर. ताईनं पहिली ओळ वाचली आणि कागद डोळ्यांजवळ नेला. प्रत्येक 'र' वर उडी मारून उभा होता.

समोरून भावाच्या वकिलाचा कारकून चालला होता. तिनं त्याला हाक मारली.

"हे मी टाइप केलंय?"

कारकून चपलेकडे बघत राहिला. "साहेबांनी नावं आणि गट नंबर कोरे ठेवायला सांगितले होते. मागून हातानं भरले. मी हुकमाचा ताबेदार, ताई."

आता तिला आठवलं. मसुद्यात नुसतं 'तेरा वर्षे कब्जा आहे' एवढंच होतं. तिनंच नाक मुरडलं होतं, "असं लुळं लिहितात होय?" आणि पदरचं घातलं होतं, 'खुलेआम, मालक म्हणून व प्रतिवादीच्या परवानगीशिवाय.' कारकून तेव्हा म्हणाला होता, "ताई, तुम्ही वकीलच व्हायला हवं होतं." ती दिवसभर खूश होती.

दुपारी धाकटा आला. उभाच राहिला.

"बस की. पक्षकार उभे राहत नाहीत माझ्याकडे."

"टोमणे नको मारूस. दोन्ही पोरं हाताशी आली. जमीन पुरत नाही."

"मग मागायची!"

"तू दिली असतीस. तुझ्यामागं तुझ्या लेकानं दिली असती?"

ताईनं टेबलावरचे कागद सारखे केले. त्यात खोटं काही नव्हतं.

"पण परवानगीशिवाय, धाकट्या? मी नको म्हटलं होतं कधी?"

"ते वकिलानं लिहिलं. मला काय कळतं त्यातलं?"

"वकिलानं नाही," ती म्हणाली आणि थांबली.

यंत्राच्या रोलरचं रबर झिजलं होतं, म्हणून ती टाइप करताना कागदामागे एक जाड कागद लावायची. आज तिनं तो सोडवला, उलटा केला. जुन्या कागदांच्या गठ्ठ्यातला सगळ्यात टणक म्हणून कधीकाळी उचललेला. हजारो अक्षरांनी ठोकून खडबडीत झालेला, पण मागची निळी शाई शाबूत होती: 'ताई, यंदापासून तुझा तुकडा मी कसू का? तू हो म्हणशील तरच. कधीही परत माग.' खाली धाकट्याची सही आणि तारीख.

त्यानं स्वतःचं अक्षर ओळखलं. "हे... ठेवलंस तू?"

"ठेवलं कुठलं, बडवत होते रोज. तुझा दावासुद्धा यावरच ठोकला."

"ताई, हे कोर्टात गेलं तर मी खोटा पडेन. चारचौघांत."

"आणि नाही गेलं तर मी परकी पडते."

"दावा मागे घेतो म्हटलं तर?"

"घे. बार रूममध्ये बसलेत तुझे वकील. जा."

तो हलला नाही. बोटानं टेबलाची कड खरवडत राहिला. लहानपणी मार चुकवताना असाच उभा राहायचा.

ताईनं वाट पाहिली. चार वाजले. मग तिनं कोरा कागद चढवला, मागे काहीच न लावता, आणि दाव्याला उत्तर म्हणून आपली कैफियत सुरू केली. प्रत्येक पूर्णविरामाला कागदाला भोक पडत होतं.

या वेळी तिनं नावं कोरी सोडली नाहीत. भावाचं नाव सगळ्यात आधी टाइप केलं.