छतावरच्या टाकीचं वजन

आमच्या ह्यांना प्रयोगशाळेत सगळे 'कासव' म्हणत. मला राग यायचा, पण नाव काही खोटं नव्हतं. साधा चहा ढवळायचा तरी बघणाऱ्याचा जीव वरखाली व्हावा, इतका वेळ लावायचे. लग्न नवं असताना मी विचारलं, "अहो, तुम्ही नक्की करता तरी काय?" तर म्हणाले, "अणू वर उडवतो आणि खाली येईपर्यंत बघत बसतो." मी कपाळावर हात मारून घेतला. एवढं शिकून हे!

हळूहळू मलाही थोडं कळायला लागलं. उंचावर काळ जरा भरभर चालतो आणि जमिनीलगत सावकाश, पृथ्वीच्या ओढीमुळे. फरक इतकुसा, की आपल्याला जन्मात कळायचा नाही. शिवाय एकटा अणू नीट सांभाळला, तर तो एकाच वेळी वरही असतो आणि खालीही. मग त्याने घड्याळ कुठलं पाळायचं, वरचं की खालचं?

हा प्रश्न ह्यांच्या सरांचा. सर म्हणायचे, अणूच्या पोटातच घड्याळ असतं. दोन उंचींवर ते वेगवेगळं चालणार आणि अणू कुठे होता याची चुगली करणार. एकदा चुगली झाली की दोन्हीकडे असणं संपलं. तुम्हीआम्ही एका वेळी एकाच जागी सापडतो ते म्हणूनच, असं त्यांचं म्हणणं. लोक सरांना हसले. आमचे हे हसले नाहीत, आणि तिथेच आमच्या संसाराचं भलं झालं!

अणू दोन्हीकडे आहे याची खूण म्हणजे पडद्यावर उमटणाऱ्या काळ्यापांढऱ्या पट्ट्या. सरांचं खरं असेल, तर उंचीतलं अंतर वाढवलं की पट्ट्या पुसट व्हायला हव्यात. एवढंच बघायला ह्यांची वीसेक वर्षं गेली. नळी जोड, हवा काढ, आरसा हलव, पुन्हा पहिल्यापासून. पोरीच्या लग्नातसुद्धा हे एका कोपऱ्यात फोनवर कुणाला तरी आरसा कसा पुसायचा ते सांगत होते. असला धन्य माणूस.

आणि एकदाच्या पट्ट्या पुसट झाल्या. जेवढं अंतर जास्त, तेवढ्या जास्त पुसट. तोवर सरांनी अंथरूण धरलं होतं, छाती पार निकामी झाली होती. ह्यांनी सांगितलं तेव्हा सर ह्यांचा हात धरून विचारत राहिले, "मी वेडा नव्हतो ना रे?" लेख छापून आला. हसणारेच भेटायला आले. सर उशीला टेकून बसायला लागले, दोन घास जास्त खायला लागले.

मग रस्त्यात कुठेशी पाइप फुटला आणि प्रयोगशाळेच्या इमारतीचं पाणी बंद झालं. त्या दिवशी पट्ट्या लख्ख आल्या. अंतर सगळ्यात जास्त, तरी लख्ख. आमचे हे छतावर जाऊन आले. प्रयोगाच्या बरोब्बर वर, छतावर पाण्याची टाकी. ती भरली की तिची ओढ वाढते, रिकामी झाली की कमी होते, आणि पट्ट्या केसभर सरकतात. दिवसभरात अशा सरकलेल्या पट्ट्या एकमेकींवर छापल्या तर पुसटच दिसणार! अंतर वाढवलं की सरकणंही वाढतं. पाणी बंद होतं त्या दिवशी टाकी रिकामीच राहिली, म्हणून पट्ट्या जागच्या हलल्या नाहीत. जगातली सगळी ओढ ह्यांनी हिशेबात धरली होती, डोक्यावरचं पाणी तेवढं राहून गेलं.

ह्यांनी टाकी मुद्दाम भरून आणि उपसून खात्री करून घेतली. मी हात जोडले. "अहो, डॉक्टरांनी हात टेकलेत. सरांना जाऊ द्या, मग काय ते जाहीर करा. कुणाचं काय अडलंय?"

"लोक त्यावर पुढचे प्रयोग मांडतायत," हे म्हणाले, आणि कपडे करून निघाले. मीही मागोमाग गेले.

सरांच्या मुलीने आम्हाला आत बसवलं आणि ती औषध आणायला गेली. ह्यांनी सगळं सांगितलं. सर डोळे मिटून ऐकत होते.

"म्हणजे माझं खोटं ठरलं?"

"नाही सर. खरंही नाही आणि एका दिवसाच्या पट्ट्यांवरून खोटंही नाही. आपल्याला काहीच कळलेलं नाही."

"खोटं ठरलं असतं तरी चाललं असतं रे," सर म्हणाले. मग हळूच म्हणाले, "इतक्यात कुणाला कळवू नकोस. मी आहे तोवर."

हे मान खाली घालून म्हणाले, "सकाळीच कळवलं, सर."

सरांनी भिंतीकडे तोंड फिरवलं. "बाई, ह्याला घेऊन जा," एवढंच मला म्हणाले.

असला प्रामाणिकपणा काय चाटायचाय? मी वाटभर बोलले, नको नको ते बोलले.

सर त्यानंतर पंधरवडाभर होते. हे रोज जायचे. मुलगी दारातूनच सांगायची, "झोपलेत." हे मान हलवून परत यायचे. हे शेवटचे जाऊन आले त्या दिवशी मात्र घरी आल्यावर चपला काढल्या नाहीत, तसेच दारात उभे राहिले.

"आतून खोकल्याचा आवाज आला," म्हणाले. "जागे होते गं ते."