मासा कोरलेला दगड

बोरीवलीला आमच्या सोसायटीची मागची भिंत संपली की रान सुरू व्हायचं. मोठ्यांच्या लेखी ते नॅशनल पार्कचं एक टोक होतं. माझ्या आणि शेजारच्या गुजराती मैत्रिणीच्या लेखी मात्र जादूचं राज्य. आम्ही पाठ फिरवली की तिथली झाडं जागा बदलत, आणि माकडं म्हणजे शाप भोगणारे गणिताचे मास्तर होते. हे सगळं आम्हीच ठरवलं होतं, तरी आम्हाला त्याची खरीखुरी भीती वाटायची.

आणि एक दिवस त्या रानात खराच दगड सापडला! सागाच्या बुंध्याला टेकून उभा, काळा, शेवाळलेला. अंगभर बारीक टोच्यांच्या ओळी, वरच्या कोपऱ्यात कोरलेला मासा, आणि पायाशी आडवा पडलेला एक गुळगुळीत, लांबट गोल धोंडा.

"यार, हे तर हजारो वर्षांपूर्वीचं आहे!" मैत्रीण किंचाळली. ओळींवरून बोट फिरवत तिने ती लिपी वाचूनही टाकली. राजाची मुलगी इथे दगड होऊन झोपली आहे म्हणे. ही लिपी तुला कुठून येते, असं विचारायची माझी काय बिशाद! त्या दिवसापासून आडवा धोंडा आमची राजकन्या झाला. तिला फुलं वाहिली, गोळ्या-बिस्किटं वाहिली. तरी ती जागी होईना, तेव्हा मैत्रिणीने तिच्या ताईचं लाल नेलपॉलिश पळवून तिला डोळे काढले, तेही पापण्यांसकट.

त्याच सुमारास मला भाऊ झाला आणि बारशाला मालवणहून आत्या यायची ठरली. आईला आत्याची जाम धास्ती. एकदा माशाच्या कालवणाला आईने नावं ठेवली, तर आत्या दोन गणपती तिच्याशी बोलली नव्हती. बाळाचं नाव ठेवायचा मान तिचाच. ती फुगून बसली तर पाळण्यापाशी उभं कोण राहणार?

आत्याने आल्या आल्या पिशवी खाली ठेवली आणि पहिलं काय विचारलं, तर, "वरवंटो खंय असा?"

आमच्याकडे बारशाला वरवंट्याला टोपडं घालून बाळाच्या आधी पाळण्यात ठेवतात, बाळ दगडासारखं दणकट व्हावं म्हणून. आणि आमचा पाटा-वरवंटा तर आत्यानेच आईला लग्नात दिलेला, गावाहून एसटीच्या टपावर घालून आणलेला.

"माळ्यावर आहे, काढते हं," असं म्हणत आईने मला ओढतच बाथरूममध्ये नेलं. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. "मिक्सर घेतल्यावर बाबांनी पाटा मागच्या रानात नेऊन ठेवला गं. कचऱ्यात कसा टाकायचा, म्हणून झाडाला टेकवला. बाबा पेढे आणायला गेलेत. तू पळ, वरवंटा तेवढा घेऊन ये. पाट्यावर मासा आहे बघ, टाकीवालीने काढलेला."

"मासा?" मी मटकन बादलीवरच बसले.

पाटा गुळगुळीत झाला की टाकीवाली बाई दारावर येऊन छिन्नीने त्याला टोचे मारायची. तीच आमची प्राचीन लिपी! ज्याच्यावरची चटणी खाऊन मी वाढले, त्यालाच मी ओळखलं नव्हतं. घरी तो ओट्याखाली आडवा असायचा, कायम खोबऱ्याने माखलेला.

"म्हणजे मी चटणी वाचली?" असं म्हणून, वाटेत हाक मारून सोबत घेतलेली मैत्रीण रानातच पोट धरून बसली. मग एकदम गंभीर झाली. राजकन्येला विचारल्याशिवाय हलवायचं नाही! तिने वरवंट्याला कान लावला. "हो म्हणतेय. तिला बारशाला यायचंय." मग राजकन्या दप्तरात बसून आमच्या घरी आली.

तिचे डोळे बघून आईने कपाळावर हात मारला. राखेने घासलं, रॉकेलने पुसलं, पण नेलपॉलिश हटेना. शेवटी तिने टोपडं पार खालपर्यंत ओढून घट्ट बांधलं.

बारशाला बायका देवाची नावं घेत वरवंटा पाळण्याच्या वरून-खालून एकमेकींच्या हाती देऊ लागल्या. नेमका आत्याच्या हातात आला आणि टोपड्याची नाडी सुटली. दोन लाल डोळे टकामका आत्याकडे बघत होते.

"ह्येका डोळे खंयसून फुटले?"

आईच्या डोळ्यांत पाणी आलं. "वन्सं, मी मिक्सर घेतला. तुमचा पाटा रानात ठेवला. चुकलंच माझं."

आत्याने आईकडे बघितलं, वरवंट्याकडे बघितलं. तिचे खांदे हलायला लागले. मग ती आईजवळ सरकली आणि अख्ख्या खोलीला ऐकू जाईल अशा आवाजात कुजबुजली, "अगो, झीलान मिक्सर हाडल्यान तेवापासून माझो पाटो बावडीर पडलो हा. कपडे धुतंय तेच्यार! कोणाक सांगा नको."

झालं! मुलाने मिक्सर आणल्यापासून आत्याचाच पाटा विहिरीवर धुण्याला, म्हटल्यावर सगळ्याच बायकांना कंठ फुटला. एकीचा पाटा गच्चीत तुळशीखाली होता, एकीचा न्हाणीत पाय घासायला. आत्यासमोर तोंडाला पदर न लावता हसणारी आई मी पहिल्यांदाच पाहिली. हसता हसता ती आत्याच्या खांद्यावर कलली. आत्याने एका हाताने तिला सावरलं, दुसऱ्या हाताने राजकन्येला, आणि दोघी गदगदा हसत राहिल्या. एकीच्या मांडीवरच्या बाळाने भोकाड पसरलं, तेव्हा कुठे त्यांना आठवलं की बारसं त्याचं आहे.