काळ्या पट्टीखालचं

दत्ता गेल्याचा फोन साताऱ्यात सकाळी आला. त्याची बायको सुनंदा एवढंच म्हणाली, “भावजी, हे खुर्चीतच गेले... टीव्ही अजून चालूच हाय.”

सांगलीच्या एका दैनिकात दत्ता आणि मी एकत्र होतो. नोकरी सोडून तो माधवनगरच्या खोलीत लघुपट करू लागला. स्वतः काही चित्रित करत नसे. बंद पडलेल्या फोटो स्टुडिओंतल्या लग्नाच्या कॅसेट आणायचा, त्यातले तुकडे जोडायचा. स्टुडिओवाले जुन्या कॅसेटवरच नवं लग्न घ्यायचे. नवं संपलं की खालचं जुनं उरलेलं दिसे. वरात जाते आणि अचानक दुसऱ्याच मांडवातली माणसं जेवत असतात. दत्ताला ती शेपटं हवी असत. त्यांवर उमटलेली तारीख नको असे. टीव्हीच्या काचेवर खाली त्याने चार बोटं रुंद काळी चिकटपट्टी लावली होती. संगणकावरही तेवढा भाग कापायचा. म्हणायचा, “तारीख दिसली की माणसं मरत्यात गड्या.”

कोयनानगरच्या एका कॅसेटच्या शेवटी त्याला एक बाई सापडली. मांडवात बसलेली, कॅमेऱ्याकडे बघत जागच्या जागी डुलणारी. अकरा सेकंद. लघुपटात त्याने ते डुलणं इतक्या वेळा फिरवलं, की सांगलीत दाखवला तेव्हा दोघेजण उठून गेले. ती आपली आई असावी, असं त्याला वाटे. तो वर्षाचा असताना आई गेली. फोटो एकही उरला नव्हता. कॅसेटवर नाव होतं ते लग्न मात्र तिच्या मृत्यूनंतरचं; खालचं शेपूट कधीचं, ते पट्टीआड. ओळखणारी एकच होती, आटपाडीची चंद्रामावशी. कॅसेट घेऊन तो तिच्याकडे दोनदा गेला. तिने उठवून लावलं. “मेलेलं माणूस हलताना मी बघायची न्हाई.”

तेराव्याला मावशी आली. जेवणं झाल्यावर मला म्हणाली, “लाव रं ते. त्येच्यापायी बघते.”

बाई डुलू लागली. मावशी काचेजवळ गेली आणि नखाने पट्टी उकलू लागली. “मांडीवर काय हाय ते बघू दे की!”

खाली तारीख होती, आई जाण्याआधीची. तारखेच्या शेजारी, बाईच्या मांडीवर, कुंची घातलेलं मूल.

“ह्यो दत्ता. कुंची मीच शिवलीया. वाकडी झाली म्हून तायडी लय हसली व्हती.”

खोली तशीच आहे. सुनंदाने पट्टी परत लावलेली नाही. कॅसेट सुरू केली की आई डुलते, आणि मांडीवरचं मूल समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे एकटक बघत राहतं.